मंगलसाठी काढलेला गळा

१

आवाज गेला तो नेमका धोंडुबाईनं गळा काढला तेव्हा.

त्याआधी सगळं सुरळीत चाललं होतं. सांगलीच्या नाट्यगृहात सिनेमा महोत्सवाचा दुसरा दिवस होता. बाहेर दिवाळीनंतरचं कोंदट आभाळ होतं, आणि पडद्यावर आटपाडीच्या पुढचा उजाड माळ आणि त्यावरची धनगरवस्ती. सिनेमाचं नाव ‘मंगलची विहीर’. मंगल ही त्या वस्तीवरची लेक, सासरच्या विहिरीत गेली. माहेर आणि सासर, दोन्ही गावं म्हणाली, पाय घसरला. सिनेमा म्हणत होता, पाय घसरला नव्हता. गोष्ट खरी होती, नावंही खरी होती, आणि पडद्यावर मंगलची आई म्हणून जी दिसत होती ती मंगलची खरीच आई होती.

धोंडुबाई अंगणात बसली. तिनं भुईला हात टेकला, तोंड उघडलं, आणि पडदा मुका झाला. वारा गेला, मेंढरांचा आवाज गेला. लोकांनी आधी “आवाज, आवाज” असा गलका केला, मग हळूहळू तोही थांबला. भिंतीएवढं मोठं ते म्हातारीचं तोंड हलत राहिलं. बऱ्याच वेळानं तिनं तांब्या उचलला, चूळ भरली, आणि पाणी भुईवर पडल्याचा सपकारा सगळ्या सभागृहानं ऐकला. आवाज परत आला होता.

मानसिंग घोरपडे मागच्या दाराशी उभे होते. पोलिसातून निवृत्त झाले तरी गावात त्यांना अजून फौजदारच म्हणत. महोत्सवाच्या समितीवर त्यांना घेतलं होतं ते सिनेमातलं कळतं म्हणून नव्हे, दारावरची गर्दी आवरता येते म्हणून. आणि हे त्यांनाही ठाऊक होतं. दिवे लागले तसा सिनेमाचा दिग्दर्शक इंद्रजित त्यांच्या अंगावरच धावून आला.

“फौजदार, दारं लावून घ्या. माझ्या सिनेमाची चोरी झालीय.”

“सिनेमा तर आत्ता बघितला की आम्ही.”

“आवाज चोरलाय. साताऱ्याला माझ्या कॉम्प्युटरवर तो जागच्या जागी आहे. इथं आलेल्या कॉपीतनं कुणीतरी पुसलाय. आणि कुणी ते मला ठाऊक आहे.”

त्यानं पहिल्या रांगेकडं बोट केलं. सगळे उठले होते. तांबडा पटका बांधलेला एकच माणूस अजून रिकाम्या पडद्याकडं बघत बसला होता. तो बिराप्पा, मंगलचा थोरला भाऊ.

२

फौजदारांनी बिराप्पाला अडवलं नाही. त्याची मेंढरं उंब्रजच्या एका रानात खताला बसवली होती. त्याला माघारी जाणं भाग होतं. तो उंब्रजला आहे म्हटल्यावर पळून जाणार कुठं? मेंढरं घेऊन कुणी फरारी होत नाही.

पहिल्यांदा त्यांनी प्रोजेक्टर चालवणाऱ्या भाऊसोला गाठलं. भाऊसो घामाघूम झाला होता.

“साहेब, मी बटणाला हात लावला न्हाई. सिनेमाचा आवाज बघणाऱ्या प्रांजलताईंनी काल संध्याकाळी डिस्क दिली, ती ड्रॉवरात ठेवली, आज लावली. बास.”

“मधे कोण आलं होतं?”

भाऊसोनं कान खाजवला. “शंभूराजदादा आलते.”

शंभूराज उंब्रजचे बडे बागायतदार. सिनेमाला पैसा त्यांनी घातला होता, आणि पुढच्या झेडपीला उभं राहायचा विचारही त्यांनीच चालवला होता. ते काही लपवायला गेले नाहीत. “सांगितलं मी त्याला, त्या रडण्याला आवाज बारीक कर म्हणून. मंगलचं सासर आमच्याच गटात येतं, फौजदार. तिथली माणसं उद्या मला दारात उभी करतील का? पण भाऊसो म्हणला, बघू. त्याचं ‘बघू’ म्हणजे काय असतं ते तुमास्नी माहीत हाय.”

फौजदारांनी भाऊसोला तो भाग पुन्हा लावायला सांगितलं. आवाज खरंच डिस्कमध्येच नव्हता. बटण कुठंही फिरवा, तिथं नुसती पोकळी. पण त्यांना एक गोष्ट खुपली. म्हातारीचं रडणं केव्हाच संपलं होतं. तिनं डोळे पुसले, शेजारणीनं तांब्या आणून दिला, दोघी काहीतरी बोलल्या, मागनं एक कुत्रं भुंकत गेलं, तरी आवाज नाही. तो आला थेट चूळ टाकल्यावर. रडणं पुसायचं होतं त्यानं कुत्र्याचं भुंकणं कशाला पुसलं?

“आणि शंभूराज,” ते म्हणाले, “तुमच्या गटातल्या त्या गावाचं नाव सुरुवातीलाच येतं. सासू-सासऱ्यांचं सगळं तिथंच बोललंय, आणि ते शब्दाला शब्द ऐकू आलं. तुम्ही पुसणार असता तर ते पुसलं असतंत.”

शंभूराजांनी सुटकेचा श्वास टाकला. तेवढ्यात दार ढकलून इंद्रजित आत आला. त्याच्या हातात फोन होता आणि कानात घालायच्या वायरी.

“खरा आवाज ऐका,” तो म्हणाला. “मग सांगा, बिराप्पाखेरीज कुणाला पुसावासा वाटेल.”

३

फौजदारांनी नोकरीत पुष्कळ रडणी ऐकली होती. पंचनाम्याच्या वेळी ती ऐकावीच लागतात, आणि पुढं पुढं माणूस ऐकेनासा होतो. हे मात्र त्यांना ऐकावं लागलं.

“मंगल गं, माझे बाय गं... पाठीवं वळ घिऊन दारात आली व्हतीस गं... बिराप्पानं तुला माघारी धाडली गं... भावानं गाडीवं बसवून न्हेली गं... त्याच हातानं पाण्यात घातली गं, माझे बाय गं...”

त्यांनी वायरी कानातनं काढल्या. “हे बिराप्पानं ऐकलंय?”

“चित्रीकरणाच्या वेळी तो मेंढरांमागं होता. म्हातारीनं हे कधीच कुणापुढं काढलं नव्हतं. मी म्हटलं, त्या दिवशी जशी रडलीस तशी रड. ती बसली, आणि हे आपोआप बाहेर आलं.” इंद्रजितच्या आवाजात अभिमान होता, आणि तो त्याला लपवता येत नव्हता. “पण त्याला कुठनं तरी कुणकुण लागली असणार. मी उद्या संध्याकाळी उंब्रजला जाणार. हे त्याच्या कानाशी धरणार, आणि त्याचं तोंड बघणार. मग पोलीस.”

“त्याला काहीच माहीत नसलं तर?”

“तर माहीत होऊ दे.”

“आणि ऐकून त्यानं बहिणीची वाट धरली तर?”

इंद्रजितनं वायरी परत घेतल्या. मग म्हणाला, “फौजदार, तुमच्या नोकरीत किती बाया विहिरीतनं काढल्यात तुम्ही? आणि किती वेळा कागदावर लिहिलंत, पाय घसरला? दाखवायचं नाही, बोलायचं नाही, म्हणून तर पुढची जाते. कुणीतरी बोट ठेवायला नको का?”

पोरगं खोटं बोलत नव्हतं, आणि त्याचाच त्यांना जास्त राग आला.

“उद्या संध्याकाळपर्यंत थांब,” ते म्हणाले. “तेवढ्यात मी आणतो नाव.”

प्रांजल सांगलीतच, विश्रामबागेत राहत होती. सिनेमाचा आवाज तिनंच टिपला होता, जुळवलाही तिनंच. दार उघडलं तेव्हा तिचे डोळे सुजलेले होते. कॉपी चांगली होती, पुढचं मला माहीत नाही, एवढंच ती पुन्हा पुन्हा सांगत राहिली.

“गेल्या आठवड्यात तुम्ही वस्तीवर गेला होता म्हणे?”

“वारा रेकॉर्ड करायला.”

“सिनेमा तर महिन्यापूर्वीच पुरा झाला होता. आता वारा कशाला?”

तिला रडू कोसळलं. फौजदार खिडकीबाहेर बघत बसले; बाई रडायला लागली की त्यांना हात कुठं ठेवावेत ते कळत नसे. रडणं थांबलं तशी प्रांजल काही न बोलता उठली, मोरीवर जाऊन चूळ भरली, डोळ्यांना पाणी लावलं, आणि परत येऊन बसल्यावर मगच म्हणाली, “मला वकील लागेल का?”

फौजदारांनी तेव्हा त्या चुळीकडं लक्ष दिलं नाही. सकाळी आटपाडीची एसटी धरायची, एवढंच त्यांच्या डोक्यात होतं.

४

वस्तीवर ते पोचले तेव्हा शेजारच्या घरी एक म्हातारा वारलेला होता, आणि गावोगावच्या सोयऱ्या बायका भेटायला येत होत्या. पुरुष बाहेर कांबळ्यावर बसले होते. फौजदार त्यांच्यातच टेकले. जन्मभर ते मयताच्या घरी असेच बाहेर बसत आले होते. आत बायकांचं काय चालतं ते बघायची वेळ कधी आली नव्हती. आज अंगणच उघडं होतं.

एक बाई आली. दारातच घरच्या बाईच्या गळ्यात पडली आणि दोघींनी गळा काढला. तो ओसरला. पाहुणीनं डोळे पुसले, तिच्या हातात तांब्या आला, तिनं चूळ टाकली. मग तिनं विचारलं, “कवा गेलं गं मामा?” दुसरी बाई आली, पुन्हा तसंच. तिसरीला कुणीतरी मधेच काही विचारलं, तर तिनं नुसता हात वर केला आणि तांब्याची वाट बघितली. चूळ टाकल्याशिवाय तिनं तोंडातनं शब्द काढला नाही.

फौजदार उठून उभे राहिले. शेजारच्या माणसाला वाटलं त्यांना मुंगी चावली.

धोंडुबाई तिच्या खोपटाबाहेर लोकर पिंजत बसली होती. पडद्यावर एवढी मोठी दिसलेली बाई प्रत्यक्षात अगदी किडकिडीत होती.

“धोंडुबाई, चूळ भरायच्या आधी का बोलत नाहीत?”

तिनं मान वर केली नाही. “तवर तोंड रडण्याचंच आस्तंय. त्यातनं जे निघंल ते मेलेल्याला जातंय. जित्त्या मानसाला ते बोलायचं न्हाई.”

“आणि घरात कुणी गेलेलं नसताना गळा काढला तर?”

आता तिचे हात थांबले. “तर मरान वळून बघतंय. कुनाला न्यायाचं म्हनून.”

“तरी तुम्ही काढलात.”

“त्यो पोरगा आठ दिस पायाशी बसला, आवं. आजी, मंगलसारख्या दुसऱ्या पोरी हायत्या म्हनला. मला पटलं त्ये. म्या म्हनलं, तोंड घे, पर आवाज घिऊ नगंस. व्हय म्हनला. माज्या डोस्क्यावं हात ठिवून व्हय म्हनला.” तिनं लोकर बाजूला सारली. “आनी बसल्यावं माजं मलाच आवरलं न्हाई. जे बोलायचं नव्हतं त्येच तोंडातनं आलं. बिराप्पानं तिला धाडली त्ये खरं हाय. पर समद्यांनीच धाडली. म्याबी भाकर बांधून दिली तिला.”

“हे त्याला कधी बोलला नाहीत?”

“कसं बोलू? एक गेली. ह्यो येकच ऱ्हायलाय. त्यो आदीच रातचा विहिरीच्या कडंला जाऊन बसतोय, बायकूला सांगतोय झोप लागंना म्हनून.” ती पहिल्यांदाच त्यांच्याकडं नीट बघत होती. “त्येनं जर माज्या तोंडचं ह्ये आयकलं, तर म्या दुसरं लेकरूबी घालवलं म्हना.”

फौजदारांनी घड्याळ बघितलं आणि वाटेला लागले. संध्याकाळ व्हायच्या आत त्यांना सांगलीला पोचायचं होतं.

५

भाऊसोच्या केबिनमध्ये सगळे बसले होते: इंद्रजित, शंभूराज, प्रांजल. भाऊसो दारात उभा. इंद्रजितनं गाडीची किल्ली हातातच ठेवली होती.

“चोर एक नाही,” फौजदार म्हणाले. “दोघं आहेत. भाऊसोनं किंवा शंभूराजांनी पुसला असता तर रडणं संपताच आवाज सोडला असता. शहरातल्या कुणीही तसंच केलं असतं, कारण आपल्या हिशेबी रडणं तिथंच संपतं. हा आवाज चूळ टाकल्यावर सुटलाय. म्हणजे कुठनं कुठवर पुसायचं ते ठरवणारं माणूस त्या वस्तीवरचं आहे, आणि बाईमाणूस आहे. मी पोलीस असून आजवर हे मला माहीत नव्हतं. बाहेर बसणाऱ्या बिराप्पालाही ते असं नेमकं सुचलं नसतं. शिवाय पुसायचं काय आहे हे त्याला ठाऊकच नाही. पण वस्तीवरच्या बाईला कॉम्प्युटर येत नाही.”

कुणी प्रांजलकडं बघितलं नाही. तीच बोलली.

“मी लॅपटॉप घेऊन गेले होते. त्यांना सगळा सीन दाखवला. विचारलं, आजी, कुठनं काढू? त्यांनी भुईला हात टेकलेला दिसला तिथं स्क्रीनवर बोट ठेवलं. म्हणाल्या, हितनं. मग शेवटी तांब्यापाशी ठेवलं, म्हणाल्या, हितपातूर. मी म्हटलं, आजी, रडणं तर आधीच संपलंय. त्या म्हणाल्या, न्हाई संपलेलं.” तिनं इंद्रजितकडं वळून बघितलं. “तू डोक्यावर हात ठेवलास तेव्हा माईक माझ्या हातात होता. तूच मला खुणावलंस, चालू ठेव म्हणून. मी ठेवला. म्हणून पुसायचाही मीच.”

“काल माझ्यासमोर रडलात,” फौजदार म्हणाले, “आणि चूळ भरल्याशिवाय बोलला नाहीत.”

“आजींनीच तांब्या दिला होता त्या दिवशी. मीही रडले होते.”

इंद्रजित उठला. त्याचा चेहरा पांढरा पडला होता. “हे कलेच्या गळ्यावर सुरी फिरवणं आहे. ती बाई जन्मात एकदा खरं बोलली, आणि तुम्ही दोघींनी—”

“ती तुझ्याशी बोलत नव्हती,” फौजदार म्हणाले. “मेलेल्या लेकीशी बोलत होती. तू दाराआडनं ऐकलंस.”

“मग विहिरीवरचं कुणी दाखवायचंच नाही?”

“दाखव की. दाखवलंस की तू. सासरच्यांची नावं घेतलीस, ती पचव. पण ज्या बाईनं आवाज घेऊ नको म्हटलं तिचा आवाज तुझा नाही.”

इंद्रजित काही बोलणार, तेवढ्यात परीक्षक मंडळींपैकी एक वयस्कर बाई आत डोकावल्या. महोत्सवाचा पहिला पुरस्कार ‘मंगलची विहीर’ला जाहीर होणार होता. “ती शांतता,” त्या म्हणाल्या. “एवढं दुःख दाखवायचं आणि आवाज काढून घ्यायचा. असं कुणी करत नाही हो. तुम्हाला हे सुचलं कसं?”

इंद्रजितनं एकदा प्रांजलकडं बघितलं, एकदा किल्लीकडं.

“ते...” तो म्हणाला, “आधीपासनंच डोक्यात होतं.”

किल्ली त्यानं खिशात टाकली. तक्रार तिथंच मिटली. प्रांजल उठून बाहेर निघून गेली, आणि शंभूराजांनी पुरस्काराच्या वेळी आपणही स्टेजवर असावं का, एवढंच विचारलं.

६

दुसऱ्या दिवशी फौजदार उंब्रजला गेले. जायची गरज नव्हती, पण बिराप्पाला कुणी काही सांगितलेलं नाही याची त्यांना खात्री करून घ्यायची होती. हायवेपासनं आत, ऊस तुटलेल्या रानात मेंढरं बसली होती. बिराप्पा बांधावर एकटाच होता. त्यानं घोंगड्याची कड पसरून त्यांना जागा करून दिली.

“आवाजाचं मिटलं,” फौजदार म्हणाले. “मशिनीतला बिघाड होता.”

“आसंल.” बिराप्पानं एक कोकरू मांडीवरनं खाली ठेवलं. “फौजदार, तुमी आयला भेटला न्हवं?”

“भेटलो.”

“तिला सांगू नगा म्या काय बोलतोय त्ये.” त्यानं कोकराला हलकेच कळपाकडं ढकललं. “आमच्या माळावं वारा लय. लहानपणापास्नं आय काय बोलती त्ये कधी आयकूच यायचं न्हाई. तोंडाकडं बघूनच कळायचं. हितं तर भिंतीयेवढं तोंड केलं व्हतं तिचं.”

फौजदार त्याच्याकडं वळून बसले.

“आवाज आसता तर कदाचित म्या खाली मान घालून बसलो आसतो,” बिराप्पा म्हणाला. “आवाज न्हवता, म्हनून समदं सोडून तिच्या व्हटाकडंच बघाय लागलो. माजं नाव आलं. गाडी आली. हात आला. समदं आलं. आनी खोटं काय हाय त्यात? वाटंत मंगल म्हनली व्हती, दादा, येकडाव मागं वळीव गाडी. म्या न्हाई वळीवली.”

फौजदारांनी त्याचा हात धरला. पोलिसी धरणं नव्हतं ते, पण सोडायचं कसं तेही त्यांना कळेना.

“विहिरीकडं जाऊ नकोस गड्या.”

“न्हाई जात. आय हाय तवर न्हाई.” त्यानं हळूच हात सोडवून घेतला. “तिला वाटतंय मला ठावं न्हाई. तसंच वाटू द्या तिला. बिघाड मशिनीचा न्हवता, त्ये कळतंय मला. तिनं येवढं केलंय माज्यासाटनं.”

ते हायवेला येऊन एसटीची वाट बघत उभे राहिले, तेव्हा फोन वाजला. वस्तीवरच्या कुणाचा तरी नंबर होता. पलीकडं वाऱ्याचा घोंघाट, आणि त्यातनं धोंडुबाईचा बारीक आवाज.

“फौजदार, आवं, भेटला का त्यो? आयकलं न्हाई न्हवं त्येनं?”

समोरनं उसाच्या गाड्या चालल्या होत्या. फौजदारांनी एका कानावर हात दाबून धरला.

“नाही आजी,” ते म्हणाले. “त्यानं काही ऐकलं नाही.”

पलीकडं बराच वेळ नुसता वारा ऐकू आला. मग धोंडुबाई म्हणाली, “लय उपकार झालं. आता मला झोप लागंल,” आणि तिनं फोन ज्याचा होता त्याला परत दिला.